ड्रेसरची बायको ओरडते

पट्टीवाल्या काकांना रक्ताचं काही वाटत नसे. खोट्या रक्ताचा मात्र त्यांना मनस्वी तिटकारा होता.

एकतीस वर्षं ते रुग्णालयात ड्रेसर होते. तळमजल्यावर, औषधांच्या खिडकीपलीकडची सात नंबरची खोली त्यांची. एक उंच टेबल, एक फिरतं स्टूल, कोपऱ्यात नळ, झाकणाचे स्टीलचे डबे आणि भिंतीवर कायम पाच मिनिटं पुढे असलेलं घड्याळ, एवढाच तिथला संसार. डॉक्टर जखम शिवून मोकळे होत. ती रोज उघडायची, धुवायची आणि पुन्हा बांधायची हे काकांचं काम. डॉक्टरांबद्दल त्यांचं मत फारसं चांगलं नव्हतं. तसं ते कुणाबद्दलच नव्हतं. सिस्टर लोकांना घाई, नातेवाइकांना चक्कर आणि पेशंटला कांगावा, याशिवाय काही येत नाही, असं ते उघड बोलून दाखवत. पण हात हलका होता. हे त्यांचे शत्रूही मान्य करत, आणि शत्रूंची त्यांना वाण नव्हती.

जखमेला चिकटलेला गॉज ओढून काढायचा नसतो, भिजवून सोडवायचा असतो, ही विद्या त्यांना पुरती साधली होती. सलाइनची बारीक धार सोडायची, थांबायचं, चिमट्याने कोपरा उचलून बघायचा, पुन्हा थांबायचं. बदलीवर येणारे तरुण ड्रेसर एका झटक्यात गॉज ओढत आणि वर स्वतःला चपळ समजत. काका त्यांना हजाम म्हणत.

काका एवढी सबुरी दाखवत, त्या बदल्यात पेशंटकडून त्यांची एकच अपेक्षा असे. सात नंबरच्या खोलीत ओरडायचं नाही. कुणी तोंड उघडलंच, तर काका जखमेवरची नजर न काढता म्हणत, "ओरडायचं नाही. झालं, झालं." तेवढ्यानं भागलं नाही तर मग ती गोष्ट निघे.

"माझ्या बायकोच्या पायावर उकळतं पाणी सांडलं होतं," काका सांगत. "घोट्यापासून बोटांपर्यंत. सहा आठवडे मी घरी पट्टी केली. रोज. हूं की चूं नाही."

एवढीच गोष्ट. पण तिची मात्रा अशी लागू पडे की चांगले मिशीवाले गडी ओशाळून गप्प होत. कुणाच्या तरी बायकोनं जे सोसलं ते आपल्याला सोसवत नाही, हे ऐकून कोण ओरडेल? पाय भाजला त्याला चोवीस वर्षं झाली होती, तेवढ्यात हजारो लोकांनी ती ऐकली असेल. सिस्टरना ती तोंडपाठ होती. आतून कुणाचा आवाज चढला की त्या दारातून मान घालून म्हणत, "काका, गोष्ट."

काकूंनाही ती अर्थातच माहीत होती. लग्नकार्यात, पाहुण्यारावळ्यांत, जावयाकडच्या माणसांसमोर काकांनी ती सांगितली होती, आणि दरवेळी सगळ्यांनी काकूंच्या पायाकडे पाहिलं होतं. काकू पाय साडीखाली ओढून घेत आणि चहा टाकायला उठत.

तर अशा या शहाण्या माणसाच्या आयुष्यात तो जोकर आला.

जुन्या रस्त्यावरच्या थिएटरात तो सिनेमा लागला आणि जाता जाईना. पोस्टरवर एक जोकर. पिवळा सदरा, त्यावर लाल ठिपके, होडीएवढे बूट, कानापर्यंत रंगवलेलं हसू आणि हातात शिंप्याची कात्री. ही वल्ली गावात येते आणि एकेकाला गाठून, कापून, सोलून, उलगडून ठेवते. का, ते विचारायचं नाही. त्याला कुणी लहानपणी त्रास दिला होता म्हणावं तर तेही नाही. लिहिणाऱ्याला कारणसुद्धा सुचलं नव्हतं, आणि बघणाऱ्यांना त्याचं सोयरसुतक नव्हतं.

काकांना सगळ्यात जास्त संताप आला तो रुग्णालयातल्या माणसांचा. दिवसभर ज्यांचे हात रक्तात, तीच माणसं सुटी झाली की पैसे देऊन तेच बघायला पळत होती. सफाईवाल्या, वॉर्डबॉय, लहान मुलांच्या डॉक्टरीणबाईसुद्धा. दुसऱ्या दिवशी कँटीनमध्ये जोकरनं कुणाचं काय कापलं याची चर्चा. काका कपाळाला आठ्या घालून ऐकत आणि मग एकेकाची हजेरी घेत. रक्त इतका वेळ लाल राहतं का? घटकाभरात ते तपकिरी पडतं, साकळतं, आणि त्याला वास येतो. त्या वासाचं तिकीट काढाल का? मान कापलेला माणूस अर्धं पान बोलतो कसा? आणि खरा जखमी कधी असा छान सुरात ओरडत नाही. तो विचारतो, माझी चप्पल कुठे आहे. कामावर कुणी कळवलं का. हे एकतीस वर्षं मी ऐकतोय.

"तुम्ही बघितलात का सिनेमा?" कुणीतरी विचारलं.

"घाण आहे हे कळायला त्यात हात घालावा लागत नाही," काका म्हणाले.

त्यांच्या मते जगात दोन प्रकारची माणसं तो सिनेमा बघत होती. एक, ज्यांना आयुष्यात कधी साधं खरचटलंही नव्हतं. आणि दुसरी, ज्यांच्या डोक्यात मुळातच काही नव्हतं. यात तिसरा प्रकार असेल हे त्यांच्या स्वप्नातही आलं नव्हतं. तो तिसरा प्रकार रोज सकाळी त्यांना डबा भरून देत होता.

ते असं झालं. काकूंची धाकटी बहीण शिवणकाम करायची आणि बुधवारी तिचं दुकान बंद असे. त्या दिवशी दोघी बहिणी दुपारी कुठेतरी जात. दीड महिन्यापूर्वी त्या एका कौटुंबिक सिनेमाला गेल्या होत्या, सासू, सून आणि शेवटी सगळ्यांची गळाभेट असल्या. तो हाउसफुल्ल. उन्हात तंगडतोड करून परत काय जायचं, म्हणून शेजारच्या पडद्यावर जे होतं त्याची तिकिटं काढली. झुरळ दिसलं तर त्याला कागदावर घेऊन खिडकीबाहेर सोडणारी ही बाई. तिनं जोकर बघितला, आणि पुढच्या बुधवारी पुन्हा बघितला, आणि त्याच्या पुढच्याही. काकांना तिनं यातलं काही सांगितलं नाही. काकांनीही बुधवारचं कधी विचारलं नव्हतं.

बातमी फोडली ती एक्स-रे काढणाऱ्यानं. भर कँटीनमध्ये, सगळ्या टेबलांना ऐकू जाईल अशा बेतानं.

"काका, तुमच्या मिसेस काय ओरडतात हो," तो म्हणाला. "काल जोकरच्या सिनेमाला माझ्या पुढच्या रांगेत होत्या. अख्खं थिएटर दणाणून सोडलं त्यांनी. आम्ही जोकर सोडून त्यांच्याकडेच बघत होतो."

कँटीन हसलं. काकांनी चहाचा कप बशीत ठेवला आणि शांतपणे सांगितलं की दुसरं कुणीतरी असेल. आपली बायको असल्या ठिकाणी जात नाही, आणि ओरडणं तर तिच्या रक्तातच नाही. पण सिस्टर लोकांनी एकमेकींकडे पाहिलं. त्या पाहण्यात चोवीस वर्षांची गोष्ट डुगडुगली, आणि ते काकांना दिसलं.

घरी येऊन त्यांनी चपला काढायच्या आधीच विचारलं. त्यांना वाटलं होतं ती नाही म्हणेल. काकू कपड्यांच्या घड्या घालत होत्या. त्यांनी हो म्हटलं. किती वेळा? सहा वेळा. तोच सिनेमा? तोच. आणि ओरडलीस? त्यावर काकूंनी हातातली उशी अभ्र्यात नीट बसवली आणि म्हणाल्या, सगळेच ओरडतात तिथे.

मग काकांनी तासभर तोंडसुख घेतलं. वय काय, वागणं काय. लोक काय म्हणतील. मुलीच्या सासरी कळलं तर. तुला रक्तच बघायचं असेल तर सात नंबरला ये, फुकट दाखवतो. आजपासून बुधवार बंद. काकूंनी सगळं ऐकून घेतलं. त्यांना ऐकून घ्यायची सवय होती. शेवटी त्या एवढंच म्हणाल्या, "एकदा चला माझ्याबरोबर. सुरुवातीपासून शेवटपर्यंत बसायचं. तोंड उघडायचं नाही. ते जमलं आणि मग म्हणालात जाऊ नको, तर मी पुन्हा नाही जाणार."

"आणि नाही जमलं तर?"

"तर बुधवार माझा."

काकांना हसूच आलं. तोंड बंद ठेवणं हे तर त्यांनी हजारोंना शिकवलं होतं. त्यांनी बुधवारची अर्धी रजा टाकली. मनात एक हिशेब होता, तो त्यांनी बोलून दाखवला नाही. आपण शेजारी बसल्यावर ही ओरडणार नाही. एक्स-रेवाला खोटा पडेल आणि गोष्ट आहे तिथे राहील.

दुपारच्या खेळाला निम्मं थिएटर भरलं होतं. काकांनी पडद्याआधी प्रेक्षक तपासले. मागे कॉलेजची टोळी, पॉपकॉर्नच्या पिशव्या घेऊन. डावीकडे एक जोडपं, ज्यांना सिनेमा कुठला याच्याशी कर्तव्य नव्हतं. पुढे एकटेच बसलेले एक पेन्शनर, मांडीवर घडी केलेली छत्री, चेहरा देवळात बसल्यासारखा. काकांनी सगळ्यांची कीव केली आणि हाताची घडी घातली. एका बाजूला काकू, त्यांच्या पलीकडे मेहुणी.

सिनेमा सुरू झाला. सिनेमा कसला, खाटीकखाना, आणि तोही काम न येणाऱ्या खाटकाचा. ते होडीएवढे बूट घालून जोकर चालायचा आणि धावणाऱ्या पोरी त्याच्या हाती लागायच्या. प्रत्येकजण दिवा लावायचं सोडून अंधारात शिरे, आणि एकटाच शिरे. पोलीस म्हणून जो आला तो मरायलाच आला होता. पहिल्या अर्ध्या तासात चार माणसं संपली आणि त्यांच्यातून जे वाहिलं ते सरबतासारखं, गळ्यातून वर आणि मांडीतून खाली, जिकडे पडद्यावर जागा असेल तिकडे. जोकरचे पांढरे हातमोजे मात्र पांढरेच. कॉलेजची टोळी ओरडे आणि लगेच हसे. ओरडणं आणि हसणं यात त्यांना फारसा फरक करायचा नव्हता, असं काकांना वाटलं. सांगण्यासारखं इतकं साचलं होतं की त्यांची जीभ वळवळत होती. पण ते बोलले नाहीत. काकूही गप्प होत्या. काकांनी अंधारात स्वतःशीच मान डोलावली.

मध्यंतरानंतर तो प्रसंग आला. जोकरनं एका पहारेकऱ्याला खुर्चीला बांधलं होतं. आता जादूचा प्रयोग म्हणून त्यानं वाकून नमस्कार केला, कात्री चालवली आणि जादूगार टोपीतून रुमालांची माळ ओढतो तशी त्याची आतडी ओढायला हात आत घातला. काकांना तर कंटाळा आला होता. आतडी अशी सुटी येत नाहीत, ती मागे धरलेली असतात, हे शाळेतल्या पोरालाही माहीत असतं. म्हणून त्यांनी पडद्यावरून नजर काढली आणि बायकोकडे पाहिलं.

काकू तयारी करत होत्या. त्यांनी पर्स खाली ठेवली. चपला काढून पाय जमिनीवर टेकवले. चष्मा काढून पदरात गुंडाळला. दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवून त्या ताठ बसल्या आणि त्यांनी छाती भरून श्वास घेतला. भ्यालेला माणूस असं काही करत नाही. सातव्या वेळेला भ्यायचं तरी काय? पुढे काय होणार ते त्यांना पाठ होतं, आणि त्या त्याचीच वाट बघत होत्या.

जोकरनं पहिला हिसका दिला आणि काकू ओरडल्या.

काकांनी आयुष्यात पुष्कळ ओरडणं ऐकलं होतं. हे निराळं होतं. ते पोटातून आलं, वर चढत गेलं आणि थांबेचना. पेन्शनरांनी मागे वळून पाहिलं. कॉलेजची टोळी टाळ्या वाजवायला लागली. आणि काकांचा हात, विचार वगैरे काही न करता, आपोआप उठला आणि बायकोच्या तोंडावर गेला.

"ओरडायचं नाही ताई," ते म्हणाले. "झालं, झालं."

काकूंनी त्यांचं मनगट धरलं. हात तोंडावरून काढून त्यांच्याच मांडीवर ठेवला. ज्या बायकोला काका इतकी वर्षं ओळखत होते, तिचा हा जोर त्यांना ठाऊक नव्हता.

"मी तिकीट काढून आलेय," काकू म्हणाल्या.

आणि पडद्याकडे तोंड करून त्यांनी उरलेलं ओरडून घेतलं.

सिनेमा संपला तेव्हा जोकर मेला होता, पण पुरता मेला नव्हता. दुसरा भाग काढायचा असणार. मेहुणी तोंड धुवायला गेली. बाहेरच्या दालनात पोस्टरखाली एक बाक होता, त्यावर दोघं बसली. काकूंचा चेहरा स्वच्छ दिसत होता, लांबलेला ताप उतरलेल्या माणसाचा दिसतो तसा. काकांनी म्हटलं, टुकार सिनेमा आहे. काकूंनीही म्हटलं, हो, टुकारच आहे. त्या जोकरला साधं नाकसुद्धा नीट लावलेलं नाही. काकांना आणखी राग आला. तिला सिनेमा आवडत असता तर निदान वाद घालता आला असता.

"मग येतेस कशाला?"

"ओरडायला," काकू म्हणाल्या. "तेव्हाचं राहून गेलं होतं."

केव्हाचं, हे काकांनी विचारलं नाही. चष्मा लावताना काकूंनी पाय लांब केले होते, आणि उजव्या पायावरची ती चकचकीत, सुरकुतलेली कातडी बाकाखालून बाहेर आली होती. किती चांगली भरून आली होती जखम. काकांच्या हातचं काम होतं ते.

"इतकं दुखत होतं, तर तेव्हा का नाही ओरडलीस?"

"तुम्ही म्हणालात, ड्रेसरचीच बायको ओरडली तर बाकीच्यांनी काय करायचं." काकूंच्या आवाजात राग नव्हता. "पहिल्याच पट्टीला ओठ चावला मी. पार रक्त आलं. पोरगी पाळण्यात होती, तिच्या दुपट्यानं पुसलं. रोज चावायचे. सहा आठवडे."

"मला कसं दिसलं नाही?"

"तुम्ही पायाकडे बघत होतात."

मेहुणी परत आली. काकूंनी उठता उठता आठवण केली की तोंड कुणी उघडलं होतं, आणि ठरल्याप्रमाणे बुधवार कुणाचा. काकांनी मान हलवली. रस्ताभर दोघी बहिणी पुढे आणि काका मागे, असे ते घरी आले. दुसऱ्याच्या अंगातलं थेंबभर रक्त सुकलेलं की ताजं हे दारातून सांगणारा हा माणूस. समोर दीड फुटावर, रोज, सहा आठवडे बायकोच्या ओठातून रक्त येत होतं आणि त्याला पत्ता नव्हता. वर त्यानं त्याचीच गोष्ट करून गावभर वाटली. अशा माणसाला सिनेमावाल्यांना हसायचा काय अधिकार, हा प्रश्न त्या संध्याकाळी दुसऱ्या कुणी विचारला नाही, म्हणून काकांना तो स्वतःलाच विचारावा लागला.

दुसऱ्या दिवशी सात नंबरला पहिला नंबर एका बेकरीवाल्याचा होता. भट्टीच्या दाराला लागून कोपरापासून मनगटापर्यंत हात भाजलेला, दणकट बाप्या. बदलीच्या ड्रेसरनं आदल्या दुपारी गॉज कोरडाच दाबून बसवला होता, तो आता जखमेत रुतला होता. काकांनी त्याला मनातल्या मनात हजाम म्हटलं आणि सलाइनची धार सोडली. थांबले. कोपरा उचलून पाहिला. बेकरीवाल्यानं टेबलाची कड पकडली आणि त्याच्या गळ्यातून आवाज फुटला, तो औषधांच्या खिडकीपर्यंत गेला. रांगेतली माणसं माना उंचावून बघायला लागली.

सिस्टर दारात आल्या. बुधवारची हकिगत त्यांच्यापर्यंत पोचली असावी, कारण त्या ओठ दाबून हसत होत्या.

"काका, आज गोष्ट नाही सांगितलीत यांना?"

"ती खोटी निघाली, सिस्टर," काका म्हणाले.

सिस्टरना ती थट्टा वाटली. त्या हसून निघून गेल्या. बेकरीवाला शरमून गप्प झाला होता, दात आवळून घड्याळाकडे बघत होता. काकांनी चिमटा ट्रेमध्ये ठेवला, स्टूल थोडं मागे सरकवलं आणि त्याच्या ओठांकडे पाहिलं.